एकदा नाव कानफाट्या पडलं की... ('ओरोची', १९२५)

कंदील :

काल रात्री जेवणं आटपल्यावर 'ओरोची' लावला. म्हटलं वीसेक मिनिटं बघू आणि झोपू, पण सव्वा तास जागचा हललो नाही आणि संपल्यावर झोप काही आली नाही. १९२५ सालचा जपानी मूकपट आहे. दिग्दर्शक फुतागावा बुंतारो, पटकथा सुसुकिता रोकुहेई यांची आणि नायक बान्दो त्सुमासाबुरो, ज्याला तिकडचे प्रेक्षक लाडाने बान्त्सुमा म्हणायचे.

गोष्ट सांगतो. शेवटही सांगणार आहे कारण माझा प्रश्नच शेवटाबद्दल आहे, ज्यांना नको असेल त्यांनी आधी सिनेमा बघून या.

हेईझाबुरो हा खालच्या दर्जाचा, गरीब, तरुण सामुराई. एका कन्फ्यूशियन पंडिताकडे शिकतो, गुरूंची मुलगी नामिए त्याला मनापासून आवडते. गुरूंच्या वाढदिवसाच्या मेजवानीत एका बड्या कारभाऱ्याचा मुलगा साके (तांदळाची दारू) पी म्हणून याच्या मागे लागतो, त्यावरून बाचाबाची आणि मग मारामारी. दोष याचा, कारण समोरचा मोठ्याचा मुलगा. पुढे काही पोरं नामिएबद्दल वाटेल ते बोलताना ऐकतो, सहन होत नाही, त्यांच्या अंगावर जातो. जिच्या अब्रूसाठी भांडला तिचाच याच्याबद्दल गैरसमज होतो आणि गुरू याला हाकलून देतात. तिथून जो सुटतो तो सुटतोच. रोनिन, म्हणजे धनी नसलेला सामुराई, होऊन गावोगाव भटकतो, तुरुंगात जातो, लोक दरोडेखोर म्हणायला लागतात. आपल्याकडे म्हणतात ना, एकदा कानफाट्या नाव पडलं की पडलं, तसं.

शेवटी जिरोझो नावाच्या म्होरक्याच्या आश्रयाला जातो. जिरोझो गावात गोरगरिबांचा वाली म्हणून मिरवतो, आतून नीच माणूस. त्याच घरी एक दिवस नामिए मदत मागायला येते, लग्न झालंय, नवरा आजारी आहे. जिरोझोची नजर तिच्यावर जाते. हेईझाबुरो त्याला ठार करतो, त्या दोघांना वाचवतो आणि बाहेर शिपायांचा गराडा पडलेला असतो. लढतो, दमतो, पकडला जातो. दोरीने बांधून रस्त्यातून नेतात तेव्हा बघ्यांना वाटतं बरं झालं, एक गुंड कमी झाला. फक्त नामिए आणि तिचा नवरा रडत असतात.

तर प्रश्न असा. या माणसाने कर्तव्य केलं का? आणि केलं असेल तर त्याला मानाचा माणूस म्हणायचं का, जेव्हा सगळ्या गावात एकही जण तसं म्हणत नाही? मी रात्रभर यावर घोळ घालतोय. तुम्हाला काय वाटतं?

गवती_चहा :

रुमाल टाकून ठेवते. आज रात्री बघून मग लिहीन.

झुंजार :

व्वा कंदीलभाऊ, माझ्या अगदी जिव्हाळ्याचा सिनेमा काढलात.

प्रश्नावर नंतर येतो, आधी तलवारीबद्दल बोलू द्या. याच्या आधीचे जपानी तलवारपट बघितले तर फरक डोळ्यांत भरतो. जपानचा पहिला मोठा सिनेमास्टार ओनोए मात्सुनोसुके, त्याने हजाराच्या आसपास सिनेमे केले म्हणतात, टोपणनाव 'डोळेवाला मात्चान' कारण डोळे वटारून बघायचा. पण त्याची मारामारी सगळी काबुकीची, म्हणजे जपानी पारंपरिक नाटकाच्या थाटाची, एक वार, मग थांबून पोझ, मग दुसरा वार, समोरचे दहा जण आपली पाळी यायची वाट बघत उभे. कॅमेरापण नाटकाच्या पहिल्या रांगेत बसल्यासारखा एका जागी ठेवलेला. मग रंगभूमीवर सावादा शोजिरोच्या शिनकोकुगेकी मंडळीने खऱ्यासारखी, वेगवान तलवारबाजी आणली, इकडे अमेरिकन सिनेमे जपानात धो धो चालत होते, आणि या दोन्हीचा मेळ दिग्दर्शक-निर्माता माकिनो शोझोच्या हाताखाली तयार झालेल्या पोरांनी घातला. त्यातला बान्त्सुमा हा सगळ्यांत पुढे.

शेवटच्या मारामारीत त्याचं शरीर बघा. सुरुवातीला पाय कसे घट्ट रोवलेले, तलवार सरळ. मग हळूहळू केस सुटतात, खांदे पडतात, छाती वरखाली व्हायला लागते, एका भिंतीला टेकून श्वास घेतो आणि परत वळतो. शिपायांकडे लांब दांड्याची आकडी हत्यारं, दोऱ्या, चारी बाजूंनी माणसं. हिरो जिंकणार असं तुम्हाला एक क्षणही वाटत नाही. या प्रकाराला तिकडे चांबारा म्हणतात, तलवारी एकमेकींवर आपटल्याच्या आवाजावरून आलेला शब्द. मूकपटाला आवाजावरून नाव, मला फार आवडतं हे.

शिरीषफूल :

सिनेमा पाहिलाय, दोनदा. पण मला हेईझाबुरो मानाचा वगैरे माणूस वाटत नाही, स्पष्टच सांगते. तो तापट आहे. प्रत्येक वेळी तोंड उघडायच्या आधी हात उगारतो. गुरूंसमोर बसून शांतपणे सांगितलं असतं की असं असं झालं, तर? नामिएबद्दल कोण काय बोललं ते तिला नाही तर निदान गुरूंना तरी सांगायचं. आणि पुढे खानावळीतली ओचियो नावाची मुलगी येते, तिच्या बाबतीत तो जसा वागतो ते तर मला अजिबात पटत नाही, ती बिचारी घाबरते त्याला, आणि तिचं घाबरणं खोटं नाही. गैरसमज गैरसमज म्हणून सगळं त्याच्या पदरात चांगुलपणाचं टाकायचं, हे बरोबर नाही. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणायला तो संन्यासी तरी हवा ना.

पाटीलबुवा :

शिरीषफूल यांना अनुमोदन. सामुराईचं पहिलं कर्तव्य स्वतःवर ताबा ठेवणं.

कंदील :

@शिरीषफूल, ओचियोबद्दल बोललात ते मान्य, तिथे मलाही तो आवडला नाही. पण गुरूंना सांगायला हवं होतं यावर एक विचारतो. त्या घरात त्याचं ऐकून घेणार कोण होतं? मेजवानीत सगळ्यांच्या देखत झालं तेव्हाही दोष त्याच्यावरच आला ना? तिथे काय बोलायचं शिल्लक होतं?

भाकरतुकडा :

आणि सगळ्या महाभारताचं मूळ काय तर एक पेला साके! आमच्याकडे पंगतीत जिलबीचा आग्रह करतात, एकदा एक मामा नको म्हटले आणि वाढप्याने पानात टाकलीच तर ते पानावरून उठले होते, दोन वर्षं बोलणं बंद. तिथे तलवारी नव्हत्या हे नशीब 😀

गवती_चहा :

भाकरतुकडा 😂😂 अहो पण आग्रह हा प्रकार तसाच आहे, वरच्याने खालच्याला केला की तो आग्रह राहत नाही, हुकूम होतो.

ओसाकातली_सई :

मी इकडे कान्साईत, म्हणजे ओसाका-क्योतोच्या भागात, नऊ वर्षं आहे, म्हणून थोडं इकडच्या बाजूने लिहिते.

जपानीत दोन शब्द आहेत, गिरी आणि निन्जो. गिरी म्हणजे ज्याचं देणं लागतो त्याचं ते फेडणं, धनी, गुरू, घराणं, उपकार करणारा कुणीही. निन्जो म्हणजे माणसाच्या आतली ओढ, प्रेम, दया, राग. जुन्या नाटकांत या दोघांची ओढाताण हीच गोष्ट असते, आणि बहुतेक वेळा निन्जो मारून गिरी पाळली जाते आणि प्रेक्षक रडतात. ओरोचीत गंमत अशी आहे (गंमत म्हणजे काय, दुःखच) की या माणसाला गिरी पाळायला जागाच ठेवत नाहीत. धनी गेला, गुरू गेले. पाळायची कुणाशी? शेवटी जिरोझोने आसरा दिलाय, म्हणजे गिरीच्या हिशेबाने त्याचंच मीठ खाल्लंय. आणि तो त्यालाच मारतो. जुन्या नाटकातल्या माणसाने त्या जागी स्वतःचं पोट फाडून घेतलं असतं. हा तसं करत नाही, मला ते फार नवीन वाटलं त्या काळासाठी.

दुसरं, हा सिनेमा शक्य असेल तर बेन्शीसकट बघा. बेन्शी म्हणजे मूकपटाच्या वेळी पडद्याच्या बाजूला उभं राहून सगळ्या पात्रांचे आवाज काढणारा, गोष्ट सांगणारा कलाकार. मी एकदा प्रत्यक्ष बघितलंय. पडद्याच्या डावीकडे छोटं टेबल, त्यावर वहीपुरता दिवा, एका बाजूला शामिसेन (तीन तारांचं वाद्य) आणि ढोल. मेजवानीच्या प्रसंगात त्या बाईंनी चार वेगवेगळे पुरुष चार आवाजांत उभे केले, आणि शेवटच्या लढाईत मध्येच बोलणं बंद केलं. फक्त ढोल. माझ्या पुढच्या रांगेत एक वयस्कर आजोबा होते, त्यांनी चष्मा काढून हातात धरला तो दिवे लागेपर्यंत घातला नाही.

झुंजार :

सई, हे वाचून हेवा वाटला. घरबसल्या बघणाऱ्यांसाठी सावातो मिदोरी यांच्या निवेदनासह प्रत मिळते, त्या आजच्या नामवंत बेन्शी. त्यांचे गुरू मात्सुदा शुनसुई, त्यांनी युद्धानंतर जुन्या मूकपटांच्या प्रती शोधून शोधून जमवल्या.

मुळाक्षर :

बेन्शी म्हणजे आपला कीर्तनकारच की! पूर्वरंग उत्तररंग नसेल पण आख्यान लावणं तेच. आणि पिंगुळीचे चित्रकथी आठवा, एकेक चित्र पुढे करत रामायण सांगतात, एकच माणूस सगळ्यांचं बोलतो.

ओसाकातली_सई :

@मुळाक्षर हो, मी जपानी मैत्रिणीला चित्रकथी समजावून सांगताना उलट 'आमचे बेन्शी' असं म्हणाले होते 🙂 आणि इकडे बेन्शींना नटांइतकी, कधी नटांपेक्षा जास्त प्रसिद्धी असायची, लोक बेन्शी कोण आहे ते बघून थेटर निवडायचे. बोलपट आले आणि सगळ्यांची पोटं गेली, १९३२ मध्ये संपही झाले. दिग्दर्शक कुरोसावा यांचा थोरला भाऊ हेईगो बेन्शी होता, त्यानेही संपात पुढाकार घेतला होता, १९३३ मध्ये त्याने जीव दिला.

पाटीलबुवा :

आता माझा मुद्दा सविस्तर मांडतो.

जपानात कर्तव्य आणि मान यांचं मोजमाप काय तर सत्तेचाळीस रोनिन. १७०१ मध्ये आसानो नावाच्या सरदाराने एदोच्या (आताच्या तोक्योच्या) किल्ल्यात किरा या अधिकाऱ्यावर तलवार उपसली, त्याला पोट फाडून मरायची शिक्षा झाली, जहागीर गेली. त्याची माणसं रोनिन झाली. त्यांनी जवळजवळ दोन वर्षं दम धरला, पुढारी ओइशी तर दारू आणि बायकांच्या नादी लागल्याचं नाटक करत राहिला म्हणतात, जेणेकरून किराच्या हेरांना संशय येऊ नये. मग एका बर्फाच्या रात्री किराच्या वाड्यावर हल्ला, त्याचं डोकं धन्याच्या समाधीवर नेऊन ठेवलं आणि शांतपणे शिक्षा घेतली. याला म्हणतात ताबा. ओइशीनेही बदनामी सोसली की, पण हेतूसाठी सोसली. हेईझाबुरोकडे हेतूच नाही, तो फक्त घटनांच्या मागे फरफटत जातो.

निशिगंधा :

पाटीलकाका, मी त्या रोनिनांच्या समाध्या बघितल्यात, तोक्योमध्ये सेन्गाकुजी देवळात. लहानसं आवार आहे, दगडांच्या रांगा, प्रत्येकापुढे उदबत्त्या. इतका धूर होता की डोळे चुरचुरत होते. तीनशे वर्षं झाली तरी लोक येऊन उदबत्ती लावतात.

तुमचं लिहिलेलं वाचताना माझ्या डोक्यात तेच आलं. ओइशीची बदनामी दोन वर्षं टिकली आणि मग जन्मभराचा, जन्मानंतरचाही मान मिळाला. त्याला स्वतःला ठाऊक होतं की एक दिवस सगळं उघड होणार आहे. आणि बाकीच्या शेहेचाळीस जणांना ठाऊक होतं. हेईझाबुरोच्या बाबतीत कुणालाच ठाऊक नाही, होणारही नाही. मग अवघड कुणाचं?

झुंजार :

निशिगंधा, क्या बात. आणि योगायोग नाही तो, सत्तेचाळीस रोनिनांवर मात्सुनोसुकेच्या काळापासून सिनेमे निघत होते. प्रेक्षकांना ते तोंडपाठ होतं. ओरोची बघायला बसलेल्या माणसाच्या मनात ते मोजमाप होतंच, म्हणूनच हा सिनेमा त्याला लागला असणार.

पाटीलबुवा :

निशिगंधा, विचार करायला लावलंत. पण मला अजून वाटतं की हेतूशिवाय सोसणं आणि हेतूसाठी सोसणं यात फरक आहे. उद्या लिहितो.

रानमेवा :

मला एक कळत नाही, नाव ओरोची का? सापाचा काय संबंध?

ओसाकातली_सई :

ओरोची म्हणजे महासर्प, अजगरापेक्षा मोठा, दंतकथेतला. पण लिहिताना जी चिनी अक्षरं वापरलीत ती त्या शब्दाची नेहमीची नाहीत, आवाजासाठी निवडलेली आहेत, आणि शेवटचं अक्षर 'रक्त' या अर्थाचं आहे. नुसतं पोस्टर बघितलं तरी ते अक्षर डोळ्यांत जातं.

झुंजार :

आणि आधी नाव वेगळंच होतं, 'बुराइकान', म्हणजे साधारण गुंड, कायद्याबाहेरचा माणूस. सेन्सॉरने ते चालू दिलं नाही म्हणून बदललं. १९२५ हे सालच तसं आहे. त्याच वर्षी जपानात सगळ्या प्रौढ पुरुषांना मताधिकार देणारा कायदा झाला आणि त्याच वर्षी सरकारविरोधी विचारांना चाप लावणारा शांतता रक्षण कायदाही झाला. सिनेमाची सेन्सॉरशिप तोवर ज्या त्या भागातल्या पोलिसांकडे होती, ती त्याच वर्षी गृहमंत्रालयाने एकत्र आपल्याकडे घेतली. अशा वेळी 'जे प्रतिष्ठित दिसतात ते खरे बदमाश असू शकतात आणि ज्याला बदमाश म्हणता तो नसू शकतो' असं सांगणारा सिनेमा, तोही सुरुवातीला पडद्यावर येणाऱ्या मजकुराच्या पाटीवरच सांगणारा. सेन्सॉरवाला खुर्चीत सावरून बसला असणार.

दोनच वर्षं आधी, १ सप्टेंबर १९२३ ला, कान्तोचा भूकंप झाला होता, तोक्यो योकोहामा बेचिराख, तिथले स्टुडिओ बंद पडले आणि सिनेमाचं बरंचसं काम क्योतोला आलं. लोकांच्या मनात काय असेल तेव्हा, सगळं एका दुपारी गेलेलं. अशा प्रेक्षकांना 'चांगलं वागा, चांगलं होईल' हे सांगून पटणार नव्हतं.

हिरवी_वाट :

मी सहसा फक्त वाचते, आज लिहिते.

माझे बाबा एका ठिकाणी रोखपाल होते. नाव लिहीत नाही, गावही लिहीत नाही. एकदा हिशेबात रक्कम कमी आली. बाबांनी घेतली नव्हती आणि कुणी घेतली ते त्यांना माहीत होतं, पण त्या माणसाच्या घरी बायको शेवटच्या आजारात होती. बाबा एवढंच म्हणाले की मी भरून देतो. भरले. मग काय, ज्याने भरले त्यानेच खाल्ले असणार हे सगळ्यांनी ठरवलं. आम्ही शाळेत होतो, मुलं बोलायची. आई बाबांना म्हणायची एकदा तरी तोंड उघडा. त्यांनी निवृत्त होईपर्यंत उघडलं नाही, आणि गेल्यावर त्या माणसाचा मुलगा येऊन आमच्या घरी बसला, बराच वेळ काही बोलला नाही, मग आईच्या पाया पडला. तेव्हा आम्हाला कळलं.

शिरीषफूल म्हणतात की बोलायला हवं होतं. मी पण लहानपणी हेच म्हणायचे आणि बाबांवर चिडायचे. मला अजूनही वाटतं की त्यांनी आम्हाला तरी सांगायला हवं होतं. पण कंदील यांनी शेवटचा प्रसंग लिहिलाय ना, गर्दीत दोघंच रडतायत, तो वाचून मला तो मुलगा आमच्या ओट्यावर बसलेला दिसला. सिनेमा बघायची हिंमत होईल का माहीत नाही.

शिरीषफूल :

हिरवी_वाट, तुमच्या बाबांना नमस्कार. मी काही बोलत नाही.

गवती_चहा :

🙏

मुळाक्षर :

वाचून गप्प बसून राहिलो.

ठेचावाला_कोल्हापूर :

ताई, तुमच्या बाबांना माझापण नमस्कार.

थोडं अवांतर, पण साल वाचून राहवलं नाही. १९२५ म्हणजे आमच्या कोल्हापुरात बाबूराव पेंटरांचा 'सावकारी पाश' आला ते वर्ष. शेतकऱ्याची जमीन सावकार गिळतो आणि तो शहरात गिरणीत जातो, तरुण शेतकऱ्याच्या कामात व्ही. शांताराम. पौराणिक पटांच्या लाटेत असा सिनेमा, आणि ओरोचीसारखाच, जगात न्याय नाही हे तोंडावर सांगणारा. पेंटरांनी कॅमेरापण स्वतः घडवला होता. आणि तलवारीच म्हणाल तर त्यांचाच 'सिंहगड' १९२३ चा, तानाजीचा.

आता दुःख सांगतो. तो 'सावकारी पाश' आज नाही. १९३६ मध्ये त्यांनीच परत बोलपट केला, पण मूकपट गेला. कोल्हापुरात म्हातारे लोक त्याच्याबद्दल सांगायचे ते आम्ही ऐकलंय, बघायला कुणाला मिळणार. जपान्यांनी ओरोची कसा राखला?

झुंजार :

ठेचावाले, जपान्यांचंही बहुतेक गेलंच हो. भूकंपात गेलं, १९४५ च्या बॉम्बहल्ल्यांत गेलं, बाकीचं पेटवून, विकून, रिळांतली चांदी काढून. इतो दाइसुकेचा तीन भागांचा 'चुजीचा प्रवास' १९२७ चा, ज्यांनी बघितला ते जन्मभर त्याचं नाव घ्यायचे, तो पूर्ण गेला असं समजून होते आणि १९९१ मध्ये त्याचा काही भाग मिळाला. ओरोची जवळपास अख्खा मिळाला हे भाग्य. बान्त्सुमाने स्वतः आपल्याकडे प्रत जपून ठेवली होती. त्याच्या स्वतःच्या कंपनीचा सिनेमा होता ना हा, माकिनोच्या देखरेखीखाली. नटाने स्वतःची निर्मितीसंस्था काढायची हे तेव्हा जवळजवळ कुणी करत नव्हतं.

त्याची गोष्टपण ऐका. खरं नाव तामुरा देन्किची, जन्म १९०१, तोक्योच्या कान्दा भागातला. काबुकीत शिकायला गेला पण काबुकी घराण्यांची, मोठ्या नटाच्या पोटी जन्मला नाहीत तर कितीही घासा, मोठं काम मिळणार नाही. कंटाळून सोडलं, सिनेमात आला, छोटी छोटी कामं केली, मार खाणाऱ्या शिपायांतही उभा राहिला. आता मेजवानीचा प्रसंग परत बघा. वरच्याच्या मुलापुढे मान खाली घालून बसलेला तो चेहरा. त्याला अभिनय करावा लागला नसेल फारसा.

ओसाकातली_सई :

त्याने १९२६ मध्ये क्योतोत उझुमासाला स्टुडिओ बांधला. तेव्हा तिथे बांबूची बनं आणि शेतं होती. तोच पुढे तोएई या सिनेमा कंपनीचा क्योतो स्टुडिओ झाला, बाजूला आता सिनेमाचं गाव आहे, पोरं खोट्या तलवारी घेऊन पळत असतात. रान्देन ट्रॅमने उझुमासाला उतरलं की दहा मिनिटं.

भाकरतुकडा :

म्हणजे काबुकीवाल्यांनी त्याला जिलबी वाढलीच नाही. त्याने स्वतःचा घाणा टाकला!

पाटीलबुवा :

दोन दिवस लागले पण पुन्हा बघितला, या वेळी सावातो यांच्या आवाजासह.

मी ताबा ताबा म्हणत होतो. या वेळी एक लक्षात आलं. शेवटी नामिए दिसते तेव्हा त्याला पळून जाता आलं असतं. ती त्याला दोषी समजून गेलेली बाई, तिचा नवरा याचा कोण लागतो? कुणीच नाही. जिरोझोकडे दोन वेळचं जेवण आहे, छप्पर आहे. तिथे तो थांबतो. तो प्रसंग हळू करून तीनदा बघितला. तलवारीला हात घालायच्या आधी एक क्षण तो नुसता उभा आहे. मेजवानीत तो विचार न करता उठला होता. इथे विचार करून. म्हणजे तोपर्यंत फरफटत आलेल्या माणसाला त्या एका क्षणात हेतू मिळाला. मी हेतू नाही म्हणालो होतो ते मागे घेतो.

ओइशीबद्दलचं मात्र मागे घेत नाही हां 🙂

शिरीषफूल :

पाटीलकाका, हे छान पकडलंत.

मीही परत बघितला, नामिएवर लक्ष ठेवून. आपण सगळे हेईझाबुरोबद्दलच बोलतोय. तिच्याकडे बघा ना. तिने एकदा त्याला चुकीचं ठरवलं, त्याचं आयुष्य गेलं, आणि ते तिला शेवटच्या दहा मिनिटांत कळतं. रस्त्यात सगळा गाव एक बोलत असताना ती हात जोडून उभी आहे. ती ओरडून सांगत का नाही, हा माणूस निर्दोष आहे म्हणून? मला आधी राग आला. मग वाटलं कोण ऐकेल, परत तोच प्रश्न, कंदील यांनी मला विचारला होता तोच. तिथे मी गप्प झाले.

पण त्याचा तापटपणा मला अजून खटकतो, आणि ओचियोचं भय मी विसरणार नाही. तो चांगला माणूस होता की नाही यापेक्षा, त्याने शेवटी एक गोष्ट चोख केली, एवढं मी म्हणेन.

रानमेवा :

याचा रिमेक आहे ना? १९६६ चा, इचिकावा राइझोचा?

झुंजार :

हो, तानाका तोकुझोने केला. त्यातली शेवटची लढाईपण अफाट आहे, बोटं मुठीला इतकी आवळून बसतात की सोडवावी लागतात. तो कृष्णधवल आहे आणि देखणा आहे, पण मला जुनाच जवळचा. त्यावर वेगळा धागा काढा कुणीतरी, इथे नको.

कंदील :

सगळ्यांचे मनापासून आभार. इतकं बोलणं होईल वाटलं नव्हतं.

मी विचारलं होतं की सगळ्या गावात एकही जण म्हणत नसेल तर त्याला मानाचा माणूस म्हणायचं का. हिरवी_वाट यांचा प्रतिसाद वाचल्यावर तो प्रश्नच मला थोडा चुकीचा वाटायला लागला. एकही जण नाही असं नव्हतंच की. दोघं होती. मी सिनेमा बघताना बघ्यांच्या गर्दीकडेच बघत राहिलो.

हिरवी_वाट, सिनेमा बघायचा की नाही ते तुम्ही ठरवा. पण बघितलात तर एकटीने बघू नका, आईंना बरोबर घ्या, एवढंच सुचवतो.

हिरवी_वाट :

बघितला. आई आणि मी, काल रविवारी दुपारी. आईचं वय ब्याऐंशी, तिला पाट्या वाचता येत नव्हत्या म्हणून मी वाचून दाखवत होते, म्हणजे मीच बेन्शी झाले. मारामारी चालू असताना ती म्हणाली, दमलाय गं तो, पाणी तरी द्या कुणीतरी. शेवटी त्याला बांधून नेतात तिथे मला वाचता येईना, तशीही पाटी नव्हती फारशी.

संपल्यावर ती बराच वेळ पदराशी चाळा करत बसली आणि मग मला विचारलं, त्याच्या आईला कळलं का गं पुढे? मी म्हटलं, सिनेमात त्याची आई नाहीये. तर म्हणाली, असेल की कुठेतरी.

ओसाकातली_सई :

हिरवी_वाट, पुढच्या महिन्यात इकडे परत बेन्शीसकट खेळ आहे म्हणतात. गेले तर आईंनी म्हटलेलं मनात घेऊन बघेन. त्यांना माझा नमस्कार सांगा.